छापाचे चौदा तुकडे

शुक्रवार, १५ नोव्हेंबर १९३५

बुधवारच्या पानावर मी लिहिलं आहे की छापाचे तुकडे करून गिऱ्हाइकांना वाटायची कल्पना बाबांची. ते खरं नाही. कल्पना माझी होती आणि तुकडेही मीच केले. लिहिताना मी मनाची समजूत घातली होती की दुकान बाबांचं, तेव्हा दुकानात जे झालं ते बाबांनीच केलं असं धरायला हरकत नाही. दोन दिवस ते वाक्य टोचत आहे.

पान फाडणार नाही. शाळेत आमच्या मुख्य बाई कुसुमताई सांगत, लिहिलेलं खोडू नये, फाडू नये. चूक कळली की त्या दिवसाची तारीख घालून खाली खरं लिहावं. तर खरं असं.

आम्ही खाटीक. तलावाकडच्या मटणाच्या ओळीत सहा दुकानं, त्यातलं तिसरं बाबांचं आणि चौथं देवरावकाकांचं. सहाही घरांत वाचता येणारी मी एकटी. सातवी पास झाले तेव्हा काकांनी ओळीत पेढे वाटले, आणि तेव्हापासून म्युनिसिपल कमिटीचा कुठलाही कागद आला की तो माझ्याकडे येतो. या महिन्याच्या एक तारखेला नव्या नियमांचं छापील पत्रक आलं. यापुढे बकरा घरी किंवा दुकानामागे कापायचा नाही, नव्या कत्तलखान्यातच न्यायचा. तिथले डॉक्टर तपासतील आणि मागच्या उजव्या मांडीवर जांभळा छाप मारतील. ‘छाप असलेला भाग गिऱ्हाइकांस स्पष्ट दिसेल असा टांगावा’ इथवर मी दुकानाच्या फळीवर उभी राहून मोठ्यानं वाचलं. सगळी ओळ हातातलं काम टाकून ऐकत होती.

“बस्स, समजलं!” काका ओरडले. “छाप दाखवाचा. पाहून राहिले ना गा? अशी वाचते माही पुतनी, कलेक्टरबी उभा राहून ऐकन!”

सगळे हसले. मला फार बरं वाटलं. मी कागदाची घडी करून बाबांच्या हातात दिली. ओळीच्या शेवटी पूर्णविराम नव्हता. मी पान उलटलं नाही.

पुढे गंमत अशी झाली की लोकांना तो छाप म्हणजे सरकारनं दिलेला पहिला नंबर वाटू लागला. जो येई तो म्हणे, “मले छापाचंच पाहिजे.” त्याच बकऱ्याची डावी मांडी कोणी घेईना! बुधवारी तर कार्तिकी पौर्णिमा उलटलेली, महिनाभर न खाणारे सगळे एकदम आलेले. दोघांची त्या एका मांडीवरून जुंपली. मी खाली पळसाची पानं पुसत बसले होते. मी म्हटलं, “बाबा, छापाचा पापुद्राच बारीक कापून सगळ्यांना एकेक द्या ना. दिसायला हवा म्हणतात, तर सगळ्यांनाच दिसू द्या.” बाबांचे दोन्ही हात कामात होते. “तूच काप,” ते म्हणाले. शाळेत जायला लागल्यापासून त्यांनी मला सुरीला हात लावू दिला नव्हता. मी चौदा तुकडे केले, नखाएवढे, आणि प्रत्येक पुड्यावर एकेक जांभळा तुकडा ठेवला. लोक इतके खूश झाले की दोघे भांडणारे एकमेकांचे तुकडे ताडून पाहू लागले.

नऊ वाजता इन्स्पेक्टर आला. अर्धा बकरा टांगलेला, छाप कुठेच नाही. त्यानं खिशातून तेच पत्रक काढलं, उलटलं आणि मागची पहिली ओळ वाचली: ‘व तो भाग सर्वांत शेवटी विकावा.’

आवाज चढवला नाही, शिवी दिली नाही. उरलेल्या मटणावर फिनाइल ओतलं, पंचांच्या सह्या घेतल्या आणि गेला. आता बाबांवर खटला आहे की त्यांनी छाप नसलेलं, म्हणजे कत्तलखान्याबाहेर कापलेलं मटण विकलं. माश्या बसू नयेत म्हणून लावायची जाळी नव्हती म्हणून एकदा आणि मटण उन्हात टांगलं म्हणून एकदा, असे दोन दंड त्यांना आधीच झालेले आहेत. तिसऱ्यांदा शिक्षा झाली की परवाना जातो. परवाना गेला की दुकान गेलं.

आणि हे सगळं एक पान न उलटल्यामुळे. लिहिलं. आता जरा श्वास घेता येतो.


रविवार, १७ नोव्हेंबर

आज मी वकिलाचं घर पाहिलं! भिंतीला छतापर्यंत पुस्तकं. इतकी पुस्तकं एका माणसाची असू शकतात हे मला माहीत नव्हतं.

दत्तोपंत वकील महाल नावाच्या जुन्या वस्तीत राहतात. कमिटीच्या नियमांविरुद्ध लढायला त्यांना कधीपासून एखादा खटला हवा होता, असं त्यांचा मुनशी गिरिधर आम्हाला दारातच म्हणाला. त्यांच्या घरी पिढ्यान् पिढ्या कोणी मटण पाहिलेलं नाही. आम्ही व्हरांड्यात बसलो, ते खुर्चीवर, उपरण्याचं टोक नाकाशी. पण बोलता बोलता उपरणं विसरले.

“कमिटीला स्वच्छता राखायचा अधिकार आहे,” ते म्हणाले. “कोणता तुकडा आधी विकायचा आणि कोणता नंतर, हे सांगायचा कोणी दिला? आज म्हणतात शेवटी विका, उद्या म्हणतील एका पायावर उभं राहून विका! पण मला आधी सगळं समजू द्या. हा छाप मारतात तेव्हा बकऱ्याला दुखत नाही का?”

बाबांनी काकांकडे पाहिलं. मग काका हळूच म्हणाले, “वकीलसाहेब, त्या वक्ताले बकऱ्याले कायनंच दुखत नाही.”

गिरिधर हसू दाबायला आत पळाला. दत्तोपंतांच्या कानापर्यंत लाली आली, पण तेही हसले. मग म्हणाले, कत्तलखान्याच्या वहीत त्या दिवशी बाबांच्या, म्हणजे नत्थूजींच्या, नावावर एक बकरा आहे, पण तेवढ्यानं भागणार नाही. समोरचा म्हणेल, तो विकून संपला आणि हा घरी कापलेला दुसरा. टांगलेल्या बकऱ्यावर छाप होता हे दाखवायला हवं.

“तर तो छाप आता कुठे आहे?”

“रश्श्यात,” काका म्हणाले.

“म्हणजे?”

“म्हंजे खाल्ला ना जी लोकायनं. भिवापुरी मिरची टाकून.”

“पुरावा खाल्ला!” दत्तोपंतांनी कपाळावर हात मारला. “पंचवीस वर्षांच्या वकिलीत पुरावा जळालेला पाहिला, बुडालेला पाहिला, उंदरांनी कुरतडलेला पाहिला. बरं. छाप कापला कोणी?”

“म्या,” बाबा म्हणाले.

मी तोंड उघडलं. बाबा माझ्याकडे न बघता म्हणाले, “देवकी, भायेर माह्या वहाना आहेत का कोनी नेल्या, पाह्य बरं.”

वहाणा जागेवरच होत्या. इतक्या झिजलेल्या वहाणा चोरसुद्धा नेणार नाही. मी परत आले तोवर विषय पुढे गेला होता. ब्राह्मणाच्या दारात आपल्या शिकलेल्या मुलीनं सुरी धरली हे सांगायची त्यांना लाज वाटली असेल. मलाही वाटायला हवी, पण वाटली नाही. मला फक्त खोटं ऐकून कसंतरी झालं.


सोमवार, १८ नोव्हेंबर

नियमांचं पत्रक बाबांनी मला सांभाळायला दिलं होतं, ते आज माझ्या पेटीतून काढून घेतलं. मायला विचारलं तर म्हणाली, “वकिलाकडे ठेवाले नेलं म्हने. तो गिरिधर वाचून देते त्याईले.”

म्हणजे यापुढे मी वाचलेलं चालणार नाही. बरोबरच आहे. ज्याचं दुकान माझ्या वाचनानं बुडायला आलं त्यानं आणखी काय करावं!


बुधवार, २० नोव्हेंबर

आज माय आणि मी धरमपेठेपर्यंत पायी फिरलो. चौदा गिऱ्हाइकांपैकी अकरा जणांची नावं मला आठवतात. एकानं तरी कोर्टात येऊन म्हणायला हवं, होय, माझ्या पुड्यावर त्या दिवशी जांभळा तुकडा होता. दत्तोपंतांनीच सांगितलं, शोधा. मी इतक्या उत्साहात निघाले की मायला म्हणावं लागलं, “हळू चाल वं, वरात नाही निघाली.”

तिघांनी दारच उघडलं नाही. एकाच्या साहेबांना आवडणार नाही. एकानं शपथ घेऊन सांगितलं की तो येईल, पण तेव्हा सकाळचे दहा वाजले होते आणि त्याला भिंत धरून उभं राहावं लागत होतं.

गोपाळराव रिटायर्ड हेडक्लार्क आहेत, नव्या बंगल्यात राहतात, आणि बुधवारचे दोघे भांडणारे होते त्यातले एक. मला पाहिल्याबरोबर शेजारच्या बंगल्याकडे तोंड करून मोठ्यानं म्हणाले, “मटण? आमच्याकडे? बाई, या घरात कांदासुद्धा शिरत नाही! घर चुकलात तुम्ही!” मग फाटक लावायच्या निमित्तानं जवळ आले आणि ओठ न हलवता म्हणाले, “रविवारी दीड शेर. मागच्या दारानं. आणि छापाचं, बरं का.”

माय रस्ताभर हसत होती. मी हसले नाही. फाटकाशी मी त्यांना स्पष्ट सांगायला हवं होतं की छाप आता सर्वांत शेवटी विकतात.


शनिवार, २३ नोव्हेंबर

सापडला! छाप सापडला!

नंतर लिहीन, काकांच्या हाका चालल्या आहेत.


शनिवार, पुन्हा

सापडला नाही. क्रमानं लिहिते.

रुखमाबाई आमच्या ओळीच्या टोकाला राहते, एकटी. बुधवारी तिनंही पाव शेर नेलं होतं. काकांना आज कळलं की तिनं मटणाचा एक तुकडा हळद-मीठ लावून दोरीवर वाळत घातला आहे आणि त्यावर जांभळा छाप आहे. काका धावत आले, मी धावत गेले. खरंच! गोल कडा दिसते, कमिटीचं नाव अर्धं दिसतं. मध्यभागी वाराचं अक्षर असतं, रोज बदलतात, ते मात्र हळदीत पुसून गेलं आहे. काकांनी म्हातारीला उचलून घ्यायचंच बाकी ठेवलं. वरच्या दोन ओळी मी निघायच्या आधीच, काकांच्या नुसत्या बातमीवर लिहिल्या होत्या.

मग मी तिला विचारलं, “आजी, बुधवारचाच ना?”

“बुधवारचा तं तवाच खाल्ला वं माय. हा शुक्रवारचा. त्या दिवशी मी शेवटली होती, नत्थूनं मांडीचा शेवटला तुकडा देला, छापासगट.”

शुक्रवारी बाबा नियमाप्रमाणे छाप शेवटी विकत होते. साहजिकच.

काका म्हणाले, “अक्षर दिसते का? नाही ना दिसत? मंग कोनाले समजते बुधवार का शुक्रवार? मटनाच्या तोंडाले विचारन का मॅजिस्ट्रेट?”

“मला समजतं,” मी म्हटलं.

“तुले कोन विचारून राहिलं!”


रविवार, २४ नोव्हेंबर

काकांनी तो तुकडा पानात बांधून दत्तोपंतांकडे आणला. मी रात्रीच ठरवलं होतं की गप्प राहायचं, मोठ्यांचं काम आहे, आपण आधीच पुरेसं बिघडवलं आहे. दत्तोपंत दोन बोटांनी पान धरून दिव्यासारखं वर करून पाहत होते आणि त्यांचा चेहरा इतका फुलला होता! “हे अगदी उत्तम झालं! बुधवारचाच हा?” त्यांनी विचारलं आणि माझ्या तोंडून निघून गेलं, “नाही, शुक्रवारचा.”

आत पाट्या-वरवंट्याची घरघर चालली होती.

दत्तोपंतांनी पान खाली ठेवलं. “नत्थूजी, तुमच्या मुलीनं मला आज वाचवलं. हा कोर्टात ठेवला असता आणि कत्तलखान्याच्या डॉक्टरनं ओळखला असता, तर तुमचा परवाना आणि माझी सनद एकाच दिवशी गेली असती.”

काका मात्र रस्त्यात फाडफाड बोलले. “हरिश्चंद्राची अवलाद! दुकान गेल्यावर तुह्या खऱ्याचा रस्सा करून खाजो!” मग बाबांना, “तू काहून काही बोलत नाही गा? पोरीनं हातचं घालवलं!”

बाबा म्हणाले, “तिनं काय चूक सांगतलं?”

एवढंच. माझ्याशी अजूनही सरळ बोलत नाहीत. पण हे वाक्य त्यांनी म्हटलं, म्हणून इथे लिहून ठेवते.


सोमवार, २५ नोव्हेंबर

कोर्ट! बाहेर ओळीतली सगळी माणसं, आत जागा मिळाली ती बाबांना, काकांना, मायला आणि मला. मला वाटलं होतं भीती वाटेल. नाही वाटली. उलट हुरूपच येत होता. इथे प्रत्येक शब्द कोणीतरी लिहून घेतो! इन्स्पेक्टरनं “साधारण नऊ वाजता” म्हटलं तर मॅजिस्ट्रेटसाहेबांनी विचारलं, “साधारण म्हणजे किती?” मी मनात म्हटलं, नऊला पाच कमी. तेवढ्यात इन्स्पेक्टर म्हणाला, “नऊला पाच-सात मिनिटं असतील.” खरं बोलतो तो. मला त्याचा राग येईना, ही एक अडचणच आहे.

दत्तोपंत पाऊण तास बोलले. नियम कशासाठी असतो, त्याची हद्द कुठे संपते, हे ते बोटांवर मोजत सांगत होते. मला वाटलं, झालं, जिंकलो! पण साहेब म्हणाले की नियम कमिटीच्या अधिकारात बसतो की नाही हे वरच्या कोर्टाला सांगा. माझ्यापुढे प्रश्न एवढाच की त्या मटणावर छाप होता का. दत्तोपंतांनी सांगितलं की वहीत बकरा नोंदलेला आहे. साहेब म्हणाले, वहीतला बकरा आणि दुकानातला बकरा एकच, हे सांगणारा कोणी आणा. आरोपीशिवाय दुसरा कोणी.

पुढची तारीख ९ डिसेंबर. त्या दिवशी आपले साक्षीदार, आणि बहुधा त्याच दिवशी निकाल.

आपले साक्षीदार म्हणजे कोण? रुखमाबाई कोर्टाची पायरी चढायला तयार नाही, आणि ओळीतले तर आपलेच, त्यांचं कोण मानील? उरला तो भिंत धरून उभा राहणारा.


गुरुवार, २८ नोव्हेंबर

कुसुमताईंकडे गेले होते. जानेवारीपासून शिक्षिकांच्या ट्रेनिंगच्या वर्गात मला घ्यायचं त्यांनी जवळजवळ नक्की केलं आहे. महिन्याला विद्यावेतन, दोन वर्षांनी शाळेत नोकरी. फॉर्म आला आहे. त्यात एक ओळ आहे: ‘उमेदवारास कोणत्याही कोर्टात शिक्षा झालेली नाही.’ ती वाचून मी म्हटलं, शिक्षा झाली तर बाबांना होईल, मला नाही, तेव्हा मी सही करू शकते ना?

कुसुमताई म्हणाल्या, “अगदी हेच तुझे बाबा विचारत होते.”

“बाबा? इथे?”

“मागच्या आठवड्यात, सोमवारी येऊन गेले. आत आले नाहीत, पायरीवरच उभे. मुलीचं नाव कोर्टाच्या कागदात आलं तर फॉर्मचं काय होतं, एवढंच विचारलं. मी म्हटलं, नुसत्या नावानं काही होत नाही, दंड झाला तर मात्र घेणार नाहीत. तुला बोलले नाहीत?”

नाही बोलले. मागच्या आठवड्यातला सोमवार म्हणजे त्यांनी माझ्या पेटीतून पत्रक काढून घेतलं तो दिवस. मला वाटतं, मला ट्रेनिंगला पाठवावं की नाही याचाच ते विचार करत असतील. न वाचता येणाऱ्यापेक्षा अर्धं वाचणारी जास्त धोक्याची, असं त्यांना वाटलं तर मी काय म्हणू?


सोमवार, २ डिसेंबर

मला आत्ता बसवत नाही, उभ्यानंच लिहिते आहे!

देवरावकाकांच्या दुकानात त्यांच्या वाट्याचं पत्रक खुंटीला टोचलेलं होतं, मला आज दिसलं. मागून घेतलं आणि दोन्ही बाजू वाचल्या, पहिल्या अक्षरापासून छापखान्याच्या नावापर्यंत, दोनदा. अकरावा नियम असा: ‘कत्तलखान्याचा छाप जो कोणी कापील, पुसील अथवा बिघडवील तो दंडास पात्र होईल.’

जो कोणी! परवानेदार नव्हे. जो कोणी कापील तो.

मग मला सगळं एकदम दिसलं. नसलेला छाप कोणी कापू शकत नाही. मी कोर्टात सांगितलं की मी छाप कापला, चौदा तुकडे केले, तर त्या बकऱ्यावर छाप होता हे झालंच. आरोपीशिवाय दुसरा कोणी हवा होता, मी दुसरी आहे. मुलगी म्हणून साहेब माझ्यावर विश्वास ठेवणार नाहीत? पण मी स्वतःवर गुन्हा ओढवून घेते आहे. फुकटचा दंड मागायला कोणी खोटं बोलतं का?

आणि हे खोटं नाही. हीच तर गोष्ट आहे! काही जुळवायचं नाही, काही लपवायचं नाही, फक्त जे झालं ते सांगायचं, आणि बाबा सुटतात!

काकांना सांगितलं नाही. मला ते स्वप्न वाटेल म्हणून आधी लिहून काढलं.


मंगळवार, ३ डिसेंबर

मायला घेऊन दत्तोपंतांकडे गेले. सगळं सांगितलं. एकही पायरी चुकले नाही. मला वाटलं होतं ते टाळी वाजवतील. ते रस्त्याकडे बघू लागले.

“हे मला पहिल्याच दिवशी सुचलं होतं,” ते म्हणाले.

“मग तुम्ही बोलला का नाहीत?”

“सुचलेलं सगळं बोलायला वकिलाला परवानगी नसते. ती पक्षकारानं द्यावी लागते.” मग त्यांनी चष्मा काढून पुसला, बराच वेळ. “मुली, तुला दंड होईल, हे समजतं आहे ना? थोडा असेल, पण कागदावर ती शिक्षाच.”

“समजतं.”

“आणि कुठेसा फॉर्म भरायचा आहे तुला, म्हणे.”

त्यांना फॉर्मचं कसं ठाऊक? गिरिधरनं सांगितलं असेल, त्याला गावातलं सगळं कळतं.

मी म्हटलं, हो, भरायचा आहे. तेव्हा ते म्हणाले, “नत्थूजींच्या मनाविरुद्ध मी तुला साक्षीला बोलावू शकत नाही. पण साक्षी संपल्या की साहेबांची विचारायची सवय आहे, आणखी कोणाला काही सांगायचं आहे का. त्या वेळी कोर्टात कोणी उभं राहिलं, तर त्याला खाली बसवायचा अधिकार मला नाही.”

व्हरांड्यातून उतरताना माय म्हणाली, “तुह्या बापाले काय सांगू मी?”

“काही नको सांगू.”

“मी आजवर त्याईच्यापासून एवढी एकच गोष्ट लपवली वं, तुह्या शाळेची पयली फी. आता ही दुसरी.” असं म्हणून तिनं पदर तोंडाशी नेला. रडत होती की हसत होती, मला कळलं नाही.


शुक्रवार, ६ डिसेंबर

बाबा आज माझ्याशी बोलले. दुकानातून लवकर आले, हातपाय धुतले, आणि माझ्यासमोर एक कोरं पाकीट ठेवलं, वर तिकीट चिकटवलेलं. पोस्टातून स्वतः आणलं. उजवीकडे लावायचं तिकीट डावीकडे लावलं होतं.

“तो शाळेचा कागद भर आनि उद्या टाकून दे,” ते म्हणाले.

“मुदत पंधरा तारखेची आहे, बाबा.”

“उद्याच टाक. आनि सोमवारी कोर्टात येऊ नको. घरी राह्य. नाही तं हुडकेश्वरले आत्याकडे जाय दोन दिवस.”

“मी आले तर काय होतं?”

“गर्दी असते.”

मी समोर नको आहे, एवढं समजलं. कोर्टात माझ्याकडे पाहिलं की त्यांना तो बुधवार आठवत असेल. उठताना त्यांनी माझा उजवा हात हातात घेतला, पालथा केला आणि बोटांवरची शाई अंगठ्यानं चोळून पाहिली, जाते का ते. गेली नाही. मग सोडला आणि जेवायला बसले.

फॉर्म समोर आहे. आज सही केली तर त्यातला शब्द न् शब्द खरा. मला कुठेही शिक्षा झालेली नाही. उद्या टपालात पडला की सोमवारच्या आत पोचेल, आणि नंतर काही झालं तर कोणी म्हणणार नाही की मी खोटी सही केली. मी तासभर पेन उघडून बसले होते. वाक्य खरं आहे. पण मला माहीत आहे की तीन दिवसांनी ते बहुधा खरं राहणार नाही, आणि वाचणाऱ्या बाईंना ते माहीत नसेल. मी आधीच एकदा अर्ध्यावर थांबून लोकांना वाचून दाखवलं आहे.

फॉर्म सोमवारनंतर भरायचा. त्या ओळीपुढे तेव्हा जे खरं असेल ते लिहायचं. घेतलं तर घेतलं. नाही घेतलं तर ओळीतल्या सहा घरांतल्या पोरींना मी घरीच शिकवीन, पान कसं उलटतात तेही.

बाबांना काय उत्तर द्यायचं ते ठरत नव्हतं. शेवटी मी म्हटलं, “बाबा, फॉर्म मी वेळेत टाकीन.” ते ‘हो’ म्हणाले आणि त्यांचा चेहरा किती उजळला! मी खोटं बोलले नाही, तरी वाईट वाटलं.

भीती आहे का? आहे. पण दिवाळीच्या आदल्या दिवशी वाटते तशी. साहेब नाव विचारतील: देवकी नत्थूजी. जात विचारतील, धंदा विचारतील, किती तुकडे केले ते विचारतील. सगळ्यांची उत्तरं मला येतात.

सोमवार, ९ डिसेंबर. कोर्ट अकराला बसतं. मी साडेदहाला दारात असेन, आणि साहेब विचारतील तेव्हा उभी राहीन.